रावेरला केळीचे घड वाहणाऱ्या माझ्या भावाला अपघातात अपंगत्व आलं. ट्रिब्युनलने (मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने) भरपाई कमी दिली, वाढवून मिळेल का?

मिळू शकते. मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ खाली निकालापासून ९० दिवसांत हायकोर्टात अपील करा. खान्देशातलं अपील औरंगाबाद खंडपीठात जातं. उशीर झालाच तर सबळ कारण दाखवून उशीर माफ करण्याचा अर्ज सोबत जोडावा लागतो.

खरी ओढाताण अपंगत्वाच्या टक्क्यावर. तुमचे भाऊ रावेरला केळीचे घड वाहायचे म्हणता. सर्टिफिकेटवर ४० टक्के असले, पण ते काम कायमचं सुटलं असेल, तर कमाईचं नुकसान जास्त धरता येतं. सुप्रीम कोर्टाने २०१० च्या राजकुमार विरुद्ध अजय कुमार खटल्यात हे स्पष्ट केलंय. डॉक्टरची साक्ष झाली होती का, ते निकालपत्रात आधी बघा. बहुतेकदा तिथंच घोडं पेंड खातं. जमा झालेली रक्कम मात्र अपिलाचा हक्क राखून खुशाल उचला.