झरथुष्ट्र, असुर आणि शहामृग

प्रश्न असा आला आहे: "पारशी धर्माच्या संस्थापकाच्या, म्हणजे झरथुष्ट्राच्या, नावाचा अर्थ 'सोन्याचा तारा' असा वाचला. तो बरोबर आहे का? आणि त्यांच्याकडे असुर म्हणजे परमेश्वर नि देव म्हणजे राक्षस. मग आपल्या आणि त्यांच्या पूर्वजांचं कधीकाळी भांडण झालं होतं का?"

आधी भांडणाचं बघू.

संस्कृतात स्वराआधी येणारा 'स' अवेस्ता या पारशी धर्मग्रंथाच्या भाषेत बहुधा 'ह' होतो. सोमाचा हओम, सप्तचं हप्त, सिंधूचं हिंदू, तसाच असुराचा अहुर. 'मज्दा' हा शब्द आपल्या 'मेधा'चा सख्खा भाऊ. म्हणजे 'अहुर मज्दा' हे संस्कृतात मांडलं तर 'असुर मेधा', अर्थ प्रज्ञावान स्वामी. आणि 'देव' तिकडे 'दएव' होऊन बदनाम झाला.

या उलटापालटीमागे दोन टोळ्यांची धार्मिक फाटाफूट होती, हा तर्क गाजवला मार्टिन हाऊग या जर्मन पंडिताने, आणि तोही पुण्यात बसून. 1859 ते 1866 या काळात तो पुण्याच्या सरकारी कॉलेजात (पुढचं डेक्कन कॉलेज) संस्कृतचा प्रमुख होता. अवेस्तातली 17 गाथासूक्तं तेवढी खुद्द झरथुष्ट्राची आणि बाकीचं नंतरचं, ही त्याची मांडणी टिकली. भांडणाची गोष्ट मात्र मला पटत नाही. ऋग्वेदाच्या तिसऱ्या मंडलातल्या 55व्या सूक्ताचं पालुपदच आहे, 'महद्देवानामसुरत्वमेकम्'. देवांचं असुरत्व थोर! वरुणाला, अग्नीला, इंद्रालाही असुर म्हटलंय, ते गौरवाने. हा शब्द वाईट ठरला तो पुढे, आपल्याच घरात. त्यानंतर कुणीतरी त्यातला 'अ' नकारार्थी समजून 'सुर' असा नवाच शब्द पाडला. मुळात तो नव्हताच.

तिकडचंही चित्र एकरंगी नाही. इंद्राचं नाव अवेस्तात दएवांच्या यादीत आहे, पण त्याचंच बिरुद 'वृत्रहन्' हे 'वेरेथ्रघ्न' या रूपात पूज्य राहिलं. त्याचाच पुढे बहराम झाला. मुंबईत प्रिन्सेस स्ट्रीटवरून जाताना 'आतश बेहराम' ही पारशी अग्निमंदिराची पाटी दिसते, तिच्यात वृत्राला मारणारा अजून आहे. मित्र हा देव तर दोन्ही घरी सुखाने नांदला.

दएव पुढे फारसीत 'देव', 'दीव' झाला, म्हणजे राक्षस. त्याने झपाटलेला तो 'दीवाना'. आपल्याकडे अंगात देव आला की लोक पाया पडतात, इराणात वेड्यात काढतात, एवढाच फरक! (कचेरीतला 'दिवाण' याच्याशी जोडण्याचा मोह काहींना होतो. त्याचा इथे संबंध नाही.)

आता नाव. 'सोन्याचा तारा' विसरा. ग्रीकांनी 'झरथुष्ट्र'चं 'झोरोआस्त्रेस' केलं आणि त्यात त्यांना त्यांचा 'आस्त्रोन', म्हणजे तारा, ऐकू आला. मगी म्हणजे इराणी पुरोहित हे ज्योतिषी अशी त्यांची समजूत होतीच, ती इथे फिट्ट बसली. अवेस्तात ताऱ्याला 'स्तर' म्हणतात. त्याच कुळातला 'सितारा' आपण वापरतो. झरथुष्ट्राच्या नावात तो नाही. आहे तो 'उष्ट्र', चक्क उंट. पहिल्या भागावर मतभेद आहेत. 'हाकणारा' असंही कुणी लावतात, पण आपल्या 'जरत्', 'जरठ'शी जुळणारा 'म्हातारा' हा अर्थ बऱ्याच अभ्यासकांना जवळचा वाटतो. मग नाव झालं 'म्हाताऱ्या उंटांचा धनी'.

प्रेषिताला हे शोभत नाही, असं वाटतं ना? पण त्याच्या बापाचं नाव पोउरुषास्प, करड्या घोड्यांचा. आश्रयदाता राजा विश्तास्प, त्यातही अश्वच. सासरा फ्रषओश्त्र, पुन्हा उंट. आपल्याकडचे श्यावाश्व, हर्यश्व, बृहदश्व आठवा. गुरं राखणाऱ्या समाजातली साधी नावं आहेत ही. गाथांमध्ये झरथुष्ट्र स्वतः अहुर मज्दाला विचारतो, मला कबूल केलेलं बक्षीस मिळेल ना? ते काय, तर दहा घोड्या, एक घोडा आणि एक उंट. 'म्हातारे' का, यावर माझा आपला एक अंदाज: जगावं, दृष्ट लागू नये म्हणून आपण दगडू, केरू, भिकू ठेवत आलोच की.

लिहिताना 'झरथुष्ट्र' की 'जरथुष्ट्र'? मूळ उच्चार 'जहाज'मधल्या ज-सारखा दंत्य, म्हणून मराठीत दोन्ही चालतात. मी झ लिहितो, कारण ज दिसला की अनेकांच्या तोंडी तो 'जय'मधला होतो. पारशी गुजरातीत धर्माला 'जरथोस्ती' म्हणतात.

हा उंट आपल्या भाषेतही शिरलेला आहे. उष्ट्राचं फारसीत 'शुतुर' झालं. उंटाच्या पाठीवरून डागायची तोफ ती मराठ्यांच्या फौजेतली सुतरनाळ. उंटासारख्या उंच पक्ष्याला इराणी 'शुतुरमुर्ग' म्हणाले, आणि आपण बहुधा त्याचंच 'शहामृग' केलं. उंट गेला, शहा आला, पक्ष्याचं हरीण झालं. पण मौज अशी, की फारसी 'मुर्ग' आणि संस्कृत 'मृग' हे मुळात एकच. अवेस्तात 'मेरेघ' म्हणजे पक्षी. म्हणजे ज्याने अडाणीपणाने मुर्गाचा मृग केला, त्याने नकळत हजारो वर्षांची ताटातूट मिटवली.