नुसत्या आवाजाने जंगलाची घडण बदलते का, की हे विज्ञानकथेतलंच?

बदलते, आणि त्याचा अभ्यासही झालाय. अमेरिकेत न्यू मेक्सिकोमध्ये नैसर्गिक वायूच्या विहिरींवर कॉम्प्रेसर रात्रंदिवस घरघरत असतात. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसलं, की स्क्रब जे हा पक्षी त्या गोंगाटापासून लांब राहतो. हाच पक्षी पिन्यॉन पाइन या झाडाच्या बिया जमिनीत पुरून ठेवतो. ज्या परत काढत नाही, त्यातून रोपं उगवतात. गोंगाटाच्या जागी बिया उंदरांनी खाल्ल्या आणि रोपं कमी झाली. फुलांतला मधुरस पिणाऱ्या इवल्याशा हमिंगबर्ड पक्ष्यांचं मात्र फावलं, कारण त्यांची अंडी-पिल्लं पळवणारा स्क्रब जे तिथे फिरकत नव्हता! फुलांचं परागीभवनही वाढलं. मला झाडांची काळजी जास्त वाटते. पाइन वाढायला कित्येक दशकं लागतात, म्हणजे कॉम्प्रेसर उद्या बंद केला तरी तेवढी वर्षं नुकसान दिसत राहणार.