स्विफ्ट व्हीएक्सआयला १५ इंची चाकं लावावीत की १६ इंची?

तुमच्या प्रश्नातून मला कळलं ते असं: २०१५ ची स्विफ्ट व्हीएक्सआय, राहायला नाशिकला, चारही टायर गोटा झालेत. बदलायचेच आहेत तर १४ इंची लोखंडी रिमा काढून १५ की १६ इंची अलॉय (हलक्या मिश्रधातूच्या रिमा) लावावेत, आणि टायर कोणत्या कंपनीचे घ्यावेत.

१६ लावू नका. १५ लावा, आणि खर्च नको असेल तर १४ वरच राहा. खरं तर उत्तर एवढंच आहे. पण हेच मी २०१९ पासून आमच्या घरात सांगतोय आणि पटवून घ्यायला कुणी तयार नाही, म्हणून सविस्तर लिहितो.

माझी गाडीही व्हीएक्सआयच, २०१३ ची. कंपनीतून आलेलं माप तुमच्याच गाडीचं, १६५/८० आर १४. २०१६ मध्ये आमच्या दाजींनी त्यांच्या स्विफ्टला १६ इंची अलॉय घेतले. दुकानदार दोन सेटवर भाव कमी करत होता, म्हणून दुसरा सेट माझ्या गाडीला. टायर धरून पंचावन्न हजार मोजले. टायरचं माप १९५/५० आर १६. गाडी दिसायला सुंदर झाली, हे मी आजही नाकारत नाही. अलॉय चोरीला जाऊ नयेत म्हणून प्रत्येक चाकाला एकेक लॉक नट होता. त्या नटाची चावी दाजींनी स्वतःकडे ठेवून घेतली. "तुझ्याकडून हरवेल," म्हणाले. ही चावी पुढे येणार आहे.

ऑगस्ट २०१९. आत्या ठाण्याला हॉस्पिटलात होती, तिला बघून आम्ही परत निघालो. गाडीत आई, ताई, ताईचा चार वर्षांचा मुलगा आणि मी. कसारा घाट चढलो तो धुक्यात. इगतपुरीला धुकं सुटलं पण पाऊस वाढला. त्या पट्ट्यातला ऑगस्टचा पाऊस नाशिककरांना सांगायला नको. घोटी सोडल्यावर, मुंढेगावच्या आसपास, रात्री सव्वादहाच्या सुमाराला डावं पुढचं चाक पाण्याने भरलेल्या खड्ड्यात गेलं. वेग सत्तर असेल. पुढे ट्रेलर, उजवीकडून एसटी जात होती, वळवायला जागा नव्हती. आणि मुळात तो खड्डा दिसतच नव्हता, डबकं दिसत होतं. आवाज असा झाला की भाचा झोपेतून दचकून रडायला लागला. ट्यूबलेसमध्ये खिळा गेला तर हवा हळूहळू उतरते. इथे शंभर पावलांत चाक रिमवर आलं.

स्टेपनी होती, जॅक होता, पाना होता. चार नटांपैकी तीन सुटले. चौथा लॉक नट, आणि त्याची चावी इंदिरानगरला दाजींच्या ड्रॉवरमध्ये. मी त्यांना फोन लावला. त्यांचा पहिला प्रश्न होता, "रिमला काही झालं नाही ना?" त्यांची बायको आणि मुलगा गाडीत बसले होते. ताईने तो प्रश्न ऐकला, फोन स्पीकरवर होता.

दोन तास गेले. आई आणि ताईला मुलाला घेऊन रस्त्यापासून लांब, बंद टपरीच्या पत्र्याखाली उभं केलं, कारण महामार्गाच्या कडेला बंद पडलेल्या गाडीत पावसात बसून राहणं हा मृत्यूचा रस्ता आहे. एका पिकअपवाल्याने मला घोटीपर्यंत नेलं, तिथल्या पंक्चरवाल्याला उठवलं. त्याने जुना सॉकेट लॉक नटावर घण मारून ठोकून बसवला आणि नट काढला. पैसे घ्यायला तयार नव्हता, मी बळेच दिले. मग लक्षात आलं की स्टेपनी जुन्या मापाची, १६५/८० आर १४. त्या चाकाचा व्यास ६२० मिमी, माझ्या अलॉयवरच्या टायरचा ६०१. पुढच्या दोन चाकांत जवळजवळ दोन सेंटिमीटरचा फरक. गाडी सारखी एका बाजूला ओढत होती. चाळीसच्या वर न जाता घरी पोचलो तेव्हा दीड वाजून गेला होता.

दुसऱ्या दिवशी नाशिकच्या द्वारका चौकाजवळच्या टायरवाल्याकडे गेलो. त्याने टायर रिमवरून उतरवला आणि आतून दाखवला. साईडवॉलला दोन समांतर काप. खड्ड्याची कड टायरला दाबत दाबत थेट रिमच्या काठापर्यंत नेते, रबर दोन्हींच्या मध्ये चिमटीत सापडतं आणि दोन ठिकाणी कापलं जातं. मग त्याने कागदावर हिशोब मांडला. तोच तुमच्यासाठी मांडतो.

१६५/८० म्हणजे रुंदी १६५ मिमी आणि साईडवॉलची उंची त्याच्या ८० टक्के, म्हणजे १३२ मिमी; पुढचं आर १४ म्हणजे १४ इंची रिम. १९५/५० मध्ये तीच उंची ९७.५ मिमी. खड्डा आणि रिम यांच्यामध्ये जी रबराची उशी असते, तिचे साडेतीन सेंटिमीटर मी पैसे देऊन काढून टाकले होते. वर टायरचा एकूण व्यास कमी झाल्यामुळे गाडी ९ मिमी खाली बसली, आणि मीटर १०० दाखवायचा तेव्हा गाडी ९७ च्या आसपास धावायची. टायरवर मापानंतर जो भारांक, म्हणजे एक टायर किती वजन पेलतो त्याचा आकडा असतो, तोही घटला होता: मूळ टायरवर ८५, म्हणजे ५१५ किलो, या टायरवर ८४, म्हणजे ५०० किलो. पंधरा किलोंमुळे टायर फाटला असं मी म्हणत नाही. पण विकताना हे कुणी बोललं नव्हतं. उरलेल्या तीन टायरपैकी मागच्या एकाला आतल्या बाजूने फुगा आलेला होता. फुगा म्हणजे आतले धागे तुटलेत आणि हवा थरांमध्ये शिरली आहे. त्याला दुरुस्ती नसते, टायर फेकायचा. ते टायर घालून मी चौघांना घाट चढवून आणलं होतं.

आता १५ का म्हणतो ते. वरच्या मॉडेलच्या, म्हणजे झेडएक्सआयच्या स्विफ्टला कंपनीच १८५/६५ आर १५ देत होती. त्याचा व्यास ६२१.५ मिमी, म्हणजे तुमच्या आत्ताच्या चाकापेक्षा जेमतेम २ मिमीने जास्त. मीटर बिघडत नाही, साईडवॉल १२० मिमी राहते, टायर २ सेंटिमीटरने रुंद असल्यामुळे ओल्या रस्त्यावर ब्रेक मारताना आणि वळणावर फरक जाणवतो. मी झेडएक्सआयच्याच मूळ रिमा वापरलेल्या मिळवून लावल्या, रिम सरळ आहे का हे बॅलन्सिंगच्या मशीनवर फिरवून बघूनच पैसे दिले. २०२१ मध्ये त्र्यंबक रोडला तसाच एक पाण्याखालचा खड्डा लागला, आवाजही तसाच झाला. टायरला आणि रिमला काहीही झालं नाही. दाजींना मी त्याच संध्याकाळी गाडी दाखवायला नेली होती.

कारण दाजींचं म्हणणं पहिल्या दिवसापासून एकच आहे: "खड्डा चुकवता आला असता. टायरचा काय दोष?" दिवाळी असो, कुणाची पंगत असो, अलॉयचा विषय निघाला की हे वाक्य येतं. मी चारचौघांत गप्प बसतो, आज लिहितो. दिवसा, कोरड्या रस्त्यावर, रिकाम्या लेनमध्ये खड्डा सगळेच चुकवतात. टायर निवडायचा तो रात्री, पावसात, शेजारी एसटी असताना न दिसलेल्या खड्ड्यासाठी. वीस वर्षं गाडी चालवणाऱ्यालाही वर्षातून एकदा तो खड्डा लागतोच. आता तर २०२७ च्या सिंहस्थाच्या कामांसाठी शहरातले रस्तेही जागोजाग खोदलेले आहेत. ड्रायव्हरच्या नजरेवर सगळा भार टाकायचा आणि साईडवॉल दिसण्यासाठी कापायची, हे मला मान्य नाही आणि होणार नाही.

हल्ली ते म्हणतात, जून २०२५ मध्ये समृद्धी महामार्गाचा इगतपुरी ते भिवंडीजवळच्या आमणेपर्यंतचा टप्पा सुरू झाला, आता घाट लागतच नाही, मग १६ ला काय हरकत? आमचा टायर घाटात फाटलाच नव्हता, घोटीच्या पुढे फाटला. नाशिकहून इगतपुरीपर्यंत रस्ता तोच जुना. आणि समृद्धीवर १२० ची मर्यादा आहे, तिथे टायरची वेगळी परीक्षा होते. कमी हवेचा टायर सतत दबत-उलगडत तापतो आणि तापून फुटतो. उन्हाळ्यात हवा फुगेल म्हणून मुद्दाम कमी भरणारे माझ्या ओळखीत अजून आहेत, ते नेमकं उलटं करतात. ड्रायव्हरच्या दाराजवळ स्टिकर असतो, त्यावरचा आकडा, चाक थंड असताना, बस्स. नायट्रोजनला पैसे घालवू नका, साध्या हवेत ७८ टक्के तोच असतो.

कंपनीबद्दल: तुम्ही मुख्य प्रश्न म्हणून विचारलंय, मला तो मुख्य वाटत नाही. सिएट, एमआरएफ, अपोलो, ब्रिजस्टोन, यातला कुठलाही चालेल. मी सिएट घातलेत, कारखाना आपल्या सातपुरात आहे म्हणून थोडी आपुलकी, बाकी काही नाही. कंपनीपेक्षा तारीख बघा. साईडवॉलवर डीओटी (DOT) अक्षरांनी सुरू होणाऱ्या ओळीत शेवटचे चार आकडे असतात, २३२५ असेल तर २०२५ चा २३ वा आठवडा. सहा महिन्यांपेक्षा जुना माल घेऊ नका, दुकानदार कितीही सूट देवो. चारही टायर एकाच वेळी बदलताय ते बरं करताय.

बाहेरचे अलॉय घेणारच असाल तर चार गोष्टी विचारा. स्विफ्टला चार नटांची १०० मिमीची पीसीडी लागते, म्हणजे नटांच्या भोकांच्या मध्यातून जाणाऱ्या वर्तुळाचा व्यास. मधलं भोक ५४.१ मिमी, बाहेरच्या रिमचं भोक मोठं असतं, तिथे रिंग बसवून घ्या, नाहीतर ऐंशीच्या पुढे स्टिअरिंग थरथरतं. नट १२ मिमीचे, १.२५ च्या आट्याचे. दुसऱ्या गाडीचे १.५ वाले जबरदस्तीने फिरवले तर स्टड, म्हणजे नट ज्यावर बसतो तो बोल्ट, जातो. आणि वाकलेला, वेल्डिंग केलेला अलॉय कितीही स्वस्त मिळाला तरी घेऊ नका. लोखंडी रिम वाकते, ठोकून सरळ होते. अलॉय तडकतो. विमा कंपनीला अलॉय कळवून पॉलिसीत नोंदवून घ्या. नुसता टायर फाटला आणि गाडीला दुसरं काही झालं नाही, तर साध्या पॉलिसीत त्याचे पैसे मिळत नाहीत. मला मिळाले नाहीत.

१४ वरच राहायचं ठरवलंत तर त्याच रिमवर १८५/७० आर १४ बसतो, व्यास ५ मिमीने कमी होतो, चालतं.

काही गोष्टी दाजींच्या बाजूच्याही सांगायला हव्यात. त्यांच्या गाडीवर तेच १६ इंची अलॉय अजून आहेत आणि त्यांचा एकही टायर फाटलेला नाही. त्यांची गाडी गंगापूर रोड, कॉलेज रोड, फार तर सिन्नर एवढीच फिरते, पण फाटलेला नाही हे खरं. त्या रात्री ते चावी घेऊन निघाले होते, विल्होळीपर्यंत आले तोवर आमचं चाक बसलं होतं. आणि तिसरी गोष्ट, जी मी आजवर घरात बोललो नाही: त्या दिवशी ठाण्याहून निघताना मी हवा तपासली नव्हती. हवा कमी असेल तर टायर खड्ड्यात लवकर चिमटतो. त्या चाकात किती होती हे आता कळायला मार्ग नाही. १९५/५० चूक होता यावर मी ठाम आहे, पण हवा न बघता निघालो ही चूक माझी होती, आणि हे उत्तर ते वाचतील हे मला माहीत आहे.

२०२३ मध्ये ताईने स्वतःच्या पगारातून वॅगन आर घेतली. शोरूमवाला अलॉयचं पॅकेज दाखवत होता. तिने तिथून मला फोन केला, पाच मिनिटं मापं विचारली आणि लोखंडी रिमांवरच गाडी घेतली. दाजी शेजारीच बसले होते.

दुकानात जाण्याआधी डिकी उघडून तुमच्या स्टेपनीचं माप बघा आणि इथे लिहा. १५ लावलेत तर स्टेपनीही १५ चीच करून घ्या, जुनी १४ ची ठेवू नका. लॉक नट घेतलेत तर चावी पान्याच्या पिशवीत, गाडीतच.