माहितीपटातली किनाऱ्यावरची केबिन

प्रश्न : नातवाने लॅपटॉपवर 'ड्रिफ्टर्स' (१९२९) हा हेरिंगच्या मासेमारीवरचा मूक माहितीपट दाखवला. माझं माहेर हर्णैचं, त्यामुळे नजर हटेना. पण बोटीतली केबिन म्हणे किनाऱ्यावर बांधून चित्रित केली. मग याला खरं कसं म्हणायचं?
– एक वाचक, दांडिया बाजार, वडोदरा

उत्तर : ताई, नातू म्हणतो ते बरोबर आहे. दिग्दर्शक जॉन ग्रिअर्सनने केबिन किनाऱ्यावर उभारली होती. तेव्हाच्या फिल्मला उजेड फार लागे. बोटीच्या पोटातल्या त्या अरुंद जागेत दिवे आणि कॅमेरा ठेवायचे कुठे? मला यात फसवणूक दिसत नाही. आपल्या वडोदऱ्याच्या कलाभवनात शिकलेल्या दादासाहेब फाळक्यांनी कुंडीतल्या वाटाण्याची वाढ रोज थोडी थोडी टिपली. कुंडी मुद्दाम कॅमेऱ्यापुढे ठेवली होती, पण अंकुर तर खराच ना?

'ड्रिफ्टर्स'मध्ये काम खरं आहे, समुद्र खरा आहे. तिन्हीसांजेला जाळी सोडतात. रात्री हेरिंग वर येतो आणि पाण्यात पडद्यासारख्या लोंबणाऱ्या जाळ्यात कल्ल्यांपाशी अडकतो. दोर ओढायला वाफेचं यंत्र आहे, पण जाळं झटकून मासा सोडवायचा तो हातांनीच. खवळलेल्या पाण्यात खलाशी वाकून ओढतच राहतात. पुढे बंदर, लिलाव, मिठात भरलेली पिंपं. हर्णैच्या वाळूवरचा लिलाव पाहिलेल्या तुम्हाला हे मी काय सांगणार! १९२९ मध्ये लंडनच्या फिल्म सोसायटीत हा 'बॅटलशिप पोटेमकिन' या गाजलेल्या सोव्हिएत चित्रपटाबरोबर दाखवला गेला आणि तिथे तो झाकोळला नाही. कष्टकऱ्यांचे हात इतक्या आदराने पडद्यावर आलेले तोवर ब्रिटिश प्रेक्षकांनी क्वचितच पाहिले होते.

मी अडखळते ती दिग्दर्शक रॉबर्ट फ्लाहर्टीच्या 'मॅन ऑफ अरान' या माहितीपटापाशी (१९३४). त्यातली शार्कची शिकार त्या आयरिश बेटांवर कित्येक दशकांपूर्वीच बंद पडली होती. चित्रीकरणासाठी बेटकऱ्यांना ती नव्याने शिकवावी लागली. पडद्यावरचं कुटुंबही निवडून जुळवलेलं. लाटा अप्रतिम आहेत, पण लोक जे काम करत नव्हते तेच त्यांचं जगणं म्हणून दाखवणं मला पटत नाही. केबिनची भिंत खोटी असली तर चालेल, पोटापाण्याचा धंदा खोटा नको.

आता नातवाला झां एप्स्टाइनचा 'फिनिस तेरे' (१९२९) शोधायला सांगा. फ्रान्समधल्या ब्रिटनीच्या बेटांवर समुद्रशेवाळ गोळा करून जाळणाऱ्यांची ती गोष्ट आहे. कथा रचलेली, पण माणसं तिथलीच. तुमचा प्रश्न त्यात आणखी अवघड होतो. पाहून झाल्यावर तुम्हाला काय वाटलं ते जरूर कळवा.