कोमालाची रचना कोठे दडली आहे?

प्रश्न : मेक्सिकन लेखक हुआन रुल्फो यांची ‘पेद्रो पारामो’ ही कादंबरी मी इंग्रजी अनुवादातून वाचायला घेतली. परंतु कोण बोलत आहे, जिवंत कोण आणि मृत कोण हेच कळेनासे झाल्यामुळे ती अर्ध्यावर सोडली. कोमाला या काल्पनिक गावाच्या कथेत खरोखर काही रचना आहे, की विस्कळीतपणालाच रचना म्हटले जाते?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : रचना आहे आणि ती अतिशय काटेकोर आहे. मात्र ती कालक्रमात शोधू गेल्यास हाती लागत नाही. 1955 साली प्रसिद्ध झालेल्या या छोट्या कादंबरीला प्रकरणे नाहीत. सुमारे 70 तुकडे आहेत आणि त्यांच्यामध्ये कोरी जागा आहे. पुस्तकाला रचना आहे, पण ती मौनांची, अधांतरी सोडलेल्या धाग्यांची आणि कापून टाकलेल्या प्रसंगांची आहे, अशा आशयाचे उत्तर रुल्फो यांनीच एका मुलाखतीत दिले होते. आपली वाट बहुधा या कोऱ्या जागांपाशीच चुकली असावी, कारण तेथे काळ बदलतो, बोलणारा बदलतो आणि लेखक त्याची कोणतीही सूचना देत नाही.

एक प्रसंग पाहू. मरणाऱ्या आईला दिलेल्या वचनाखातर वडिलांना, म्हणजे पेद्रो पारामोला, शोधत हुआन प्रेसियादो कोमालात येतो. रात्री एका रिकाम्या खोलीत झोपला असताना त्याला किंकाळी ऐकू येते. फासावर जाणाऱ्याला निदान पाय झाडण्याचा तरी हक्क असू द्या, असे कोणीतरी विनवत असते. उठून पाहतो तर खोलीत कोणी नाही. मग दामियाना नावाची स्त्री येते आणि सांगते की, फार पूर्वी तोरिबिओ आल्द्रेतेला याच खोलीत फाशी दिले होते, तेव्हा हा तेथे कोंडून राहिलेला प्रतिध्वनी असेल. त्यानंतर कोठे आपल्याला पेद्रो पारामोचा कारभारी फुल्गोर सेदानो दिसतो, जो या आल्द्रेतेवर जमिनीच्या प्रकरणात रीतसर तक्रार नोंदवतो आणि त्याला संपवण्यासाठी एदुविहेस या घरमालकिणीकडून कोपऱ्यातली खोली मागून घेतो. आधी आवाज, मग त्याचा खुलासा आणि सर्वांत शेवटी मूळ घटना, असा हा उलटा क्रम आहे. वाचकाला हुआनपेक्षा अधिक काही ठाऊक असू नये, याची लेखकाने कसोशीने काळजी घेतली आहे, आणि माझ्या मते या कादंबरीचे सारे सामर्थ्य त्यात आहे.

आता दुसरी गोष्ट. कोमालातले मृत शांत का होत नाहीत? याचे कारण पुस्तकातच आहे, पण ते पाद्री रेंतेरिया यांच्या प्रसंगांत विखुरलेले असल्याने सहज निसटते. पेद्रो पारामोचा उन्मत्त मुलगा मिगेल घोड्यावरून पडून मरतो, तेव्हा त्याने पाद्रींच्या सख्ख्या भावाचा जीव घेतलेला असूनही बापाने पुढे केलेल्या सोन्याच्या नाण्यांपुढे ते अखेर नमतात आणि मिगेलला क्षमा देतात. आत्महत्या केलेल्या एदुविहेसची बहीण मात्र क्षमेची याचना करत येते, तेव्हा ते तिला महागड्या प्रार्थनाविधींचा मार्ग सांगतात आणि तिच्याजवळ पैसे नसतात. हीच एदुविहेस हुआनला घरात घेते, आणि ती कधीच मेलेली आहे हे त्याला नंतर समजते. ज्यांना क्षमा मिळाली नाही ते गावात भटकत राहिले आहेत. त्यामुळे हे प्रतिध्वनी मला नुसते गूढ वाटत नाहीत. त्यांच्यामागे गरिबांवरील अन्यायाचा स्पष्ट हिशेब आहे.

अर्ध्यावर थांबलात, तर कदाचित सर्वांत महत्त्वाचे वळण काही पानांवरच राहिले असेल. ते येथे उघड करावे लागत आहे, त्याबद्दल क्षमस्व. कादंबरीच्या साधारण मध्यावर हुआन मरतो. आपल्याला कुजबुजीने मारले, असे तो सांगतो. तो हे दोरोतेआ या म्हातारीला सांगत असतो, जी त्याच्याबरोबर एकाच थडग्यात पुरलेली आहे. म्हणजे पहिल्या पानापासून ‘मी’ म्हणून जे निवेदन आपण वाचत होतो, ते जमिनीखालून चाललेले संभाषण होते. त्या निवेदनात मध्येच तिरप्या अक्षरांत येणारा आवाज हुआनच्या आईचा, दोलोरेसचा आहे. तिच्या आठवणीतले कोमाला हिरवेगार आहे. मुलाला दिसते ते ऑगस्टच्या उन्हात भाजून निघालेले ओसाड गाव. ही दोन गावे एकमेकांशेजारी ठेवताना लेखक त्यांवर चकार शब्द काढत नाही.

प्रश्न : कोमाला ओसाड कशाने झाले? दुष्काळाने की युद्धाने?
– एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : कादंबरीत त्याचे उत्तर एका माणसाच्या सूडात आहे. पेद्रो पारामोने ज्या एकाच स्त्रीवर आयुष्यभर प्रेम केले, ती सुसाना सान हुआन मरण पावते, तेव्हा चर्चच्या घंटा तीन दिवस अखंड वाजत राहतात. तो नाद ऐकून आसपासच्या गावांतून लोक येतात, शोकाची जत्रा होते, सर्कसही येते. संतापलेला पेद्रो पारामो ठरवतो की, आपण हातावर हात ठेवून बसू आणि कोमाला उपाशी मरेल. सगळी जमीन त्याच्या मालकीची असल्याने ते तसेच घडते.

यामागे रुल्फो यांनी पाहिलेला प्रदेशही आहे. मेक्सिकोच्या कोलिमा राज्यात कोमाला नावाचे गाव खरोखर आहे, परंतु कादंबरीतल्या गावावर त्याच्यापेक्षा शेजारच्या हालिस्को राज्याच्या दक्षिण भागातील, सान गाब्रिएल या गावाच्या परिसरातील बालपणाची छाप अधिक आहे. त्यांच्या वडिलांचा 1923 मध्ये खून झाला, 1927 मध्ये आई गेली आणि त्यांना ग्वादालाहाराच्या अनाथालयात राहावे लागले. त्याच सुमारास, 1926 ते 1929 या काळात, सरकार आणि कॅथलिक बंडखोर यांच्यातील क्रिस्तेरो युद्धाने हा प्रदेश होरपळून निघाला. बऱ्याच वर्षांनी परतल्यावर आपल्याला गाव रिकामे झालेले दिसले, असे रुल्फो यांनी सांगितले आहे. युद्ध मात्र कादंबरीत जवळजवळ दूरच्या बातमीसारखे येते. या युद्धाआधीच्या मेक्सिकन क्रांतीचेही तसेच: क्रांतिकारक वाड्यावर येतात, तर पेद्रो पारामो त्यांना पैशांचे आणि माणसांचे आश्वासन देऊन आपल्या बाजूस वळवतो.